चाइल्ड्सचा श्वास, दोन ग्रेडी आणि मेजावरचा थेंब

प्रश्न थोडक्यात असा आहे : ‘द थिंग’ (१९८२) या चित्रपटाच्या शेवटी चाइल्ड्स हा माणूसच उरलेला असतो की नाही, ‘द शायनिंग’ (१९८०) मधल्या जॅकला खरोखर भुते भेटतात की त्याचे डोके फिरते, आणि शेवट मोकळा सोडणाऱ्या अशा जुन्या भयपटांविषयी चाहते ज्या थिअरी मांडतात, त्यांतली टिकणारी कोणती आणि ओढूनताणून बसवलेली कोणती, हे कसे ओळखावे?

मी समीक्षक नाही, संकलक आहे. त्यामुळे माझे उत्तर संकलनाच्या टेबलावरून दिलेले आहे, आणि त्या टेबलावर बसणाऱ्याला एक गोष्ट लवकर कळते : पडद्यावरची संदिग्धता आपोआप निर्माण होत नाही, ती घडवावी लागते. प्रेक्षकाला दोन्ही बाजूंनी विश्वास ठेवता यावा यासाठी कोणता शॉट काढून टाकायचा, कोणता दोन सेकंद जास्त ठेवायचा, कोणती माहिती आधी द्यायची आणि कोणती नंतर, याचा हिशेब कोणीतरी बसून केलेला असतो. मग थिअरी तपासताना मी पहिल्यांदा हे पाहतो की, ती चित्रपटात जिथे असे कष्ट घेतलेले दिसतात तिथे बोट ठेवते आहे, की जिथे कोणाचेच लक्ष नव्हते तिथे. बहुतेक थिअरी दुसऱ्या प्रकारात मोडतात.

‘द थिंग’पासून सुरुवात करू, कारण तिथे पुरावे मोजके आहेत आणि एकेक हातात घेऊन पाहता येतो. या चित्रपटात परग्रहावरचा एक जीव अंटार्क्टिकावरच्या संशोधन तळातल्या माणसांना एकेक करून गिळतो आणि त्यांची हुबेहूब नक्कल बनून वावरतो. शेवटी तो तळ जळतो आहे. मॅकरेडी थकून बसलेला आहे. अंधारातून त्याचा सहकारी चाइल्ड्स येतो आणि सांगतो की, तळावरचाच ब्लेअर दिसल्यासारखा वाटला म्हणून मी त्याच्या मागे गेलो आणि वादळात वाट चुकलो. दोघांनाही एकमेकांची खात्री नाही. मॅकरेडी बाटली पुढे करतो, चाइल्ड्स घोट घेतो, मॅकरेडी किंचित हसतो आणि चित्रपट संपतो. चाहत्यांचे तीन मुख्य मुद्दे या दीड-दोन मिनिटांवर उभे आहेत : चाइल्ड्सच्या तोंडातून वाफ येत नाही, बाटलीत दारू नसून पेट्रोल आहे, आणि चाइल्ड्सच्या डोळ्यांत जिवंतपणाची चमक नाही.

वाफेचा मुद्दा सर्वांत लोकप्रिय आहे आणि सर्वांत कच्चाही. श्वासाची वाफ म्हणजे पाण्याचे अतिसूक्ष्म थेंब. प्रकाश त्यांच्या मागून, कॅमेऱ्याच्या दिशेने येत असेल आणि पार्श्वभूमी काळी असेल, तेव्हा ते झळकतात. प्रकाश समोरून किंवा बाजूने पडला की जवळजवळ नाहीसे होतात. थंडीत चित्रीकरण केलेल्या कोणत्याही छायालेखकाला हे पाठ असते. या प्रसंगात दोघांवर पडणारा आगीचा प्रकाश सारखा नाही, म्हणून मॅकरेडीची वाफ ठळक दिसते आणि चाइल्ड्सची पुसट. चांगल्या प्रतीत ती पुसट का होईना, दिसते. शिवाय चित्रपटाने स्वतःच या मुद्द्याला आधी उत्तर देऊन ठेवले आहे. तळावरच्या बेनिंग्जची नक्कल अर्धवट अवस्थेत बाहेर बर्फात सापडते आणि ती भयानक किंचाळते, तेव्हा तिच्या तोंडून वाफ निघताना आपण पाहतो. त्याहून मोठी अडचण त्याच तळावरच्या नॉरिसची आहे. तो छाती धरून कोसळतो आणि नंतर कळते की, तो नॉरिस नव्हताच. दुबळ्या हृदयापर्यंत सगळे हुबेहूब उचलणारा जीव श्वासच तेवढा विसरेल, हे पटण्यासारखे नाही.

पेट्रोलची कल्पना मला अधिक आवडते, कारण तिच्यात निदान नाट्य आहे. त्याआधी तळ उद्ध्वस्त करताना ज्वालाग्राही द्रव भरलेल्या बाटल्या फेकलेल्या आपण पाहिल्या आहेत; म्हणून मॅकरेडीने मुद्दाम तशीच बाटली पुढे केली, चाइल्ड्सने ती तोंड वाकडे न करता प्यायली, आणि म्हणूनच मॅकरेडी हसला, असा हा तर्क. पण जो जीव माणसाच्या आठवणी, बोलणे, स्वभाव सारे काही उचलतो, त्याला पेट्रोल प्यायचे नसते एवढेही कळू नये? ही थिअरी खरी मानायची, तर चित्रपटभर इतका धूर्त असलेला प्राणी शेवटच्या मिनिटाला मठ्ठ झाला असे मानावे लागते. एक कोडे सोडवण्यासाठी सगळ्या गोष्टीची किंमत मोजावी लागत असेल, तर तो सौदा महाग आहे.

मात्र त्याच बाटलीत एक खरा पुरावा आहे, आणि त्याकडे फारसे कोणी पाहत नाही. चित्रपटाच्या मध्यावर तळावरचा फ्यूक्स सांगतो की, या जीवाचा एक कणही संपूर्ण शरीर ताब्यात घेण्यास पुरेसा असेल, तर प्रत्येकाने आपले अन्न स्वतः तयार करावे आणि डब्यातलेच खावे. हा संवाद तिथे सहज पडलेला नाही. तो आठवत असेल, तर शेवटी एका बाटलीला दोघांनी तोंड लावणे याचा अर्थ बदलतो : एक तर दोघांनीही आता काळजी सोडली आहे, किंवा त्यांच्यातल्या एकाला काळजी करण्याचे कारणच उरलेले नाही. चित्रपटाने कष्ट घेतलेली जागा ही आहे. ती उत्तर देत नाही, पण संशय नेमका कुठे आहे ते दाखवते.

डोळ्यांच्या चमकेबद्दल एवढेच सांगतो की, छायालेखक डीन कंडी यांनी, माणूस कोण आणि नक्कल कोण हे ठरवणाऱ्या रक्ताच्या चाचणीच्या प्रसंगात डोळ्यांवरच्या प्रकाशाचा असा सूचक वापर केल्याचे नंतर सांगितले आहे. चाहत्यांनी तो नियम उचलून शेवटच्या प्रसंगाला लावला. एका प्रसंगापुरती केलेली युक्ती म्हणजे पूर्ण चित्रपटाचे व्याकरण नव्हे.

आता पडद्यामागची एक गोष्ट, जी मला या सगळ्या मुद्द्यांपेक्षा जास्त वजनदार वाटते. संकलक टॉड रॅम्झी यांच्या सुचवण्यावरून दिग्दर्शक जॉन कारपेंटर यांनी एक सुरक्षित शेवटही चित्रित करून ठेवला होता : मॅकरेडीची सुटका होते, त्याचे रक्त तपासले जाते आणि तो माणूसच असल्याचे निष्पन्न होते. हा शेवट वापरला गेला नाही. (संकलक म्हणून मला रॅम्झी यांच्याबद्दल पूर्ण सहानुभूती आहे, असा एखादा शॉट कपाटात असला की रात्री झोप लागते.) याचा अर्थ असा की, निर्मात्यांच्या हाती उत्तर रिळावर तयार होते आणि त्यांनी ते बाजूला ठेवले. न वापरलेल्या शेवटावरून ‘मॅकरेडी तरी नक्की माणूस आहे’ असे काही जण सिद्ध करू पाहतात. ते चूक आहे, कारण प्रदर्शित झालेल्या चित्रपटात ती चाचणी घडतच नाही. पण जी थिअरी ‘उत्तर पडद्यावरच लपवलेले आहे, फक्त नीट पाहा’ असे म्हणते, तिला या टाकून दिलेल्या शॉटचा खुलासा करावा लागेल.

‘द शायनिंग’कडे वळण्याआधी माझ्याच कामातला एक किस्सा. मी संकलित केलेल्या एका चित्रपटात मृत्यूच्या प्रसंगी भिंतीवरचे घड्याळ एका शॉटमध्ये पावणेबाराची वेळ दाखवते आणि पुढच्या शॉटमध्ये अडीचची. एका विद्यार्थ्याने मला चार पानी पत्र लिहून, नायिकेच्या दृष्टीने काळ कसा तुटला, हे फार सुंदर उलगडून दाखवले. खरे कारण असे होते की, अभिनेत्रीचा सर्वांत चांगला टेक दुपारी मिळाला होता, आणि घड्याळ थांबवून ठेवायचे कोणाच्या लक्षात आले नव्हते. टेक निवडताना मला घड्याळ दिसले होते. मी चेहरा निवडला. तो निर्णय मी आजही बदलणार नाही. संकलक बहुतेक वेळा असाच निर्णय घेतो, आणि म्हणून एखादी वस्तू जागेवरून हलली की माझा पहिला संशय टेकवर जातो, संकेतावर नाही.

‘द शायनिंग’मधला जॅक हा लेखक बायको वेंडी आणि मुलगा डॅनी यांच्यासह हिवाळ्यात बंद असलेल्या एका हॉटेलचा पहारेकरी म्हणून राहायला येतो. तो टंकलेखन करत असताना वेंडी त्याला अडवते, त्या प्रसंगात त्याच्या मागची खुर्ची एका शॉटमध्ये असते आणि दुसऱ्यात नसते. टंकयंत्राचा रंगही चित्रपटात पुढे बदललेला दिसतो. दिग्दर्शक स्टॅन्ली क्यूब्रिक एकेका शॉटचे कितीतरी टेक घेत, हे सर्वश्रुत आहे. म्हणून चाहते म्हणतात की, असा काटेकोर माणूस चूक करूच शकत नाही, म्हणजे खुर्ची मुद्दाम हलवली. या युक्तिवादाचा दोष असा की, तो कधीही खोटा ठरू शकत नाही. वस्तू जागेवर असेल तरी हेतू, नसेल तरी हेतू. उलट माझा अनुभव असा आहे की, टेक जितके जास्त आणि ते जितक्या जास्त दिवसांत घेतलेले, तितक्या अशा फटी वाढतात.

२३७ क्रमांकाच्या खोलीची गोष्ट तर या प्रकारातला आदर्श नमुना आहे. स्टीफन किंग यांच्या १९७७ च्या कादंबरीत खोलीचा क्रमांक २१७ आहे, चित्रपटात तो २३७ होतो. बदल केला म्हणजे अर्थ असणारच, असे धरून एका थिअरीने तो चंद्रापर्यंतच्या २,३७,००० मैलांशी जोडला, डॅनीच्या स्वेटरवरचे अपोलो ११ यान त्याच्या शेजारी ठेवले, आणि क्यूब्रिक यांनी चंद्रावतरणाचे चित्रीकरण बनावट केल्याची ही कबुली आहे, असा निष्कर्ष काढला. बादरायण संबंध म्हणतात तो हाच. चंद्राचे सरासरी अंतर सुमारे ३,८४,४०० किलोमीटर, म्हणजे जवळपास २,३८,९०० मैल आहे, तेव्हा आकडाही जुळत नाही. आणि बदलाचे कारण साधे होते : हॉटेलचा बाह्यभाग म्हणून ओरेगॉनमधील टिम्बरलाइन लॉज दाखवले गेले, आणि पुढे २१७ मध्ये कोणी उतरणार नाही या भीतीने तिथल्या व्यवस्थापनाने आपल्याकडे नसलेला क्रमांक वापरण्याची विनंती केली. २०१२ मध्ये याच खोलीच्या नावाने आलेल्या माहितीपटात असे अनेक तर्क एकापाठोपाठ मांडलेले आहेत. तो जरूर पाहावा, मात्र चित्रपटाविषयी शिकण्यापेक्षा पाहणाऱ्यांविषयी शिकण्यासाठी.

तरीही सगळ्याच विसंगती झटकून टाकू नयेत, हे इथे मला माझ्याच मताविरुद्ध सांगावे लागेल. व्यवस्थापक अल्मनच्या कार्यालयाला खिडकी आहे, आणि आपण नुकतेच ज्या मार्गाने तिथे आलो तो लक्षात घेतला, तर ती तिथे असूच शकत नाही; तिच्यामागे इमारतीचाच भाग असायला हवा. ही खुर्चीसारखी निसटलेली गोष्ट नाही. सेट उभारावा लागतो, खिडकीच्या मागे प्रकाश लावावा लागतो. कार्यकारी निर्माते यान हार्लन यांनी, सेटची रचना मुद्दाम न जुळणारी ठेवली होती, असे पुढे सांगितलेही आहे. खुर्ची आणि खिडकी यांतला फरक ओळखता आला, तर निम्मे काम झाले : एक टेक निवडताना घडते, दुसऱ्यासाठी सुतार बोलवावा लागतो.

जॅक वेडा की हॉटेल झपाटलेले, या मूळ प्रश्नावर चाहत्यांचे एक निरीक्षण फार चांगले आहे. जॅक भुतांशी बोलतो तिथे बहुधा आरसा असतो : बारमध्ये दारू देणाऱ्या लॉइडच्या मागे, लाल स्वच्छतागृहात, २३७ च्या न्हाणीघरात. म्हणजे तो स्वतःशीच बोलत असावा. ही थिअरी रचनेवर बोट ठेवते, म्हणून मी तिला मान देतो. पण ती कोठीघराच्या दाराशी येऊन थांबते. वेंडीने जॅकला आत कोंडून बाहेरून दार बंद केले आहे. आत आरसा नाही. ग्रेडी या वेटरच्या भुताचा केवळ आवाज येतो, आणि मग कडी सरकल्याचा आवाज. पुढच्या वेळी जॅक दिसतो तो बाहेर, हातात कुऱ्हाड घेऊन. दार उघडणारा हात क्यूब्रिक यांनी दाखवला नाही. दाखवला असता तर प्रश्न मिटला असता. पण दार उघडले हे मात्र लपवले नाही. वेडाची थिअरी मांडणाऱ्याने आधी या कडीचे काय ते सांगावे, मग आरशांकडे जावे.

आता मला ज्या थिअरीत आजवर भोक पाडता आलेले नाही ती. अल्मन सुरुवातीला सांगतो की, आपल्या कुटुंबाला मारणाऱ्या जुन्या पहारेकऱ्याचे नाव चार्ल्स ग्रेडी. स्वच्छतागृहात भेटणारा वेटर मात्र स्वतःला डेलबर्ट ग्रेडी म्हणवतो, आपण पहारेकरी कधी नव्हतोच असे सांगतो, आणि जॅकला उद्देशून म्हणतो की, पहारेकरी तर कायम तुम्हीच होतात. अनेकांनी नावातला फरक ही पटकथेतली चूक मानली. पण शेवटच्या छायाचित्रात ४ जुलै १९२१ च्या मेजवानीत जॅक हसत उभा दिसतो, आणि मग दोन ग्रेडींना दोन जॅक मिळतात : दर पिढीत हॉटेल आपलीच माणसे परत बोलावते. समीक्षक मिशेल सिमाँ यांच्याशी बोलताना क्यूब्रिक यांनीही ते छायाचित्र जॅकचा पुनर्जन्म सुचवते असे म्हटले होते. दिग्दर्शकाने म्हटले म्हणून मी हे मानत नाही. मानतो ते यासाठी की, या एका कल्पनेने चूक वाटणारा संवाद, ग्रेडीचे विचित्र उत्तर आणि शेवटचे छायाचित्र या तीन वेगळ्या जागा एकदम उलगडतात, आणि त्यासाठी चित्रपटाबाहेरून काहीही आणावे लागत नाही.

संदिग्धता हाताने कशी विणली जाते, हे सर्वांत स्वच्छ पाहायचे असेल तर जॅक क्लेटन यांचा ‘द इनोसंट्स’ (१९६१) पाहावा. हेन्री जेम्स यांच्या १८९८ मधल्या ‘द टर्न ऑफ द स्क्रू’ या लघुकादंबरीवर तो आधारलेला आहे. एका एकाकी वाड्यात दोन मुलांना शिकवायला आलेल्या बाईंना मेलेला नोकर क्विंट आणि मेलेल्या शिक्षिका मिस जेसल दिसू लागतात. समीक्षक एडमंड विल्सन यांनी १९३४ मध्ये असा युक्तिवाद केला की, भुते नाहीतच, तो बाईंच्या दडपलेल्या मनाचा खेळ आहे. आजच्या भाषेत ही फॅन थिअरीच, फक्त चांगल्या गद्यात लिहिलेली. तिच्यावरचा सर्वांत कडक आक्षेप असा की, पुस्तकात बाईंनी क्विंटला जिवंतपणी कधीही पाहिलेले नसताना त्या त्याचे असे वर्णन करतात की, घर सांभाळणाऱ्या मिसेस ग्रोज त्याला लगेच ओळखतात. कल्पनेतून असे वर्णन कसे येईल?

चित्रपटाने नेमक्या याच जागी हात घातला आहे. बाईंना (डेबरा कर) आधी मनोऱ्यावर एक माणूस दिसतो, पण डोळ्यांवर ऊन येत असल्याने चेहरा स्पष्ट होत नाही. मग लपाछपी खेळताना माळ्यावर त्यांना एका माणसाचे छोटे चित्र सापडते. त्यानंतर काही क्षणांतच, बाई खिडकीच्या पडद्याआड लपलेल्या असताना, काचेपलीकडच्या अंधारातून तोच चेहरा पुढे येतो. चित्र आधी, चेहरा नंतर. एवढ्या क्रमाने विल्सन यांच्या बाजूची अडचण दूर होते, कारण चेहरा आता त्यांच्या डोक्यात आधीच होता. मात्र मनोऱ्यावरचा माणूस चित्र सापडण्यापूर्वी दिसला होता, म्हणून भुते मानणाऱ्याचीही वाट बंद होत नाही. आणि पुढे, मुलांच्या अभ्यासाच्या खोलीत मिस जेसल मेजाशी बसून रडताना दिसते, नाहीशी होते. बाई जवळ जातात आणि मेजावर अश्रूचा थेंब त्यांच्या बोटाला लागतो. संशयवाद्याला चित्र दिले, श्रद्धाळूला थेंब दिला, दोन्ही पारडी समान. तो थेंबदेखील बाईंशिवाय दुसऱ्या कोणी पाहिलेला नाही, हे लक्षात आल्यावर मी खुर्चीत सरसावून बसलो होतो. अशा चित्रपटाचे ‘खरे उत्तर’ सांगणारी थिअरी दोन पारड्यांपैकी एक हाताने दाबून धरते, एवढेच.

निर्मात्यांच्या तोंडी साक्षीवर किती विसंबावे, यासाठी ‘द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगरी’ (१९२०) ची कथा पुरेशी आहे. संपूर्ण गोष्ट सांगणारा फ्रान्सिस शेवटी वेड्यांच्या इस्पितळातला रुग्ण निघतो. लेखक यानोवित्स आणि मायर यांची मूळ गोष्ट सत्तेविरुद्ध होती आणि ही वेडेपणाची चौकट त्यांच्यावर लादली गेली, हे समीक्षक सीगफ्रीड क्राकाउअर यांनी यानोवित्स यांच्या सांगण्यावरून १९४७ च्या आपल्या ग्रंथात मांडले, आणि कित्येक दशके ते प्रमाण मानले गेले. पुढे कॅलिगरीची भूमिका करणारे वेर्नर क्राउस यांच्याकडची पटकथेची प्रत उजेडात आली. तिच्यातही चौकट होतीच. वेगळी, इस्पितळाविना, पण होती. लेखकाची आठवण आणि लेखकाचा कागद यांत कागद जिंकतो. आणि पडदा कागदालाही वरचढ असतो : फ्रान्सिस वेडा आहे म्हणून त्याच्या गोष्टीतल्या भिंती वाकड्या, असे म्हणावे, तर गोष्ट संपल्यावरही इस्पितळाच्या अंगणातली रंगवलेली तिरकस नक्षी तशीच असते.

‘रोझमेरीज बेबी’ (१९६८) विषयी फार लिहीत नाही. त्यातल्या गरोदर रोझमेरीला आपल्या बाळासाठी सैतानपूजकांनी कट रचल्याचा संशय येतो. रोझमेरीला सगळे भास झाले असण्याची पळवाट आपण मुद्दाम ठेवली, असे दिग्दर्शक रोमान पोलान्स्की यांनी आत्मचरित्रात म्हटले आहे, आणि कॅमेरा रोझमेरीला जवळजवळ सोडतच नसल्यामुळे ती वाट शेवटपर्यंत मोकळी राहते. पाळण्यातले मूल आपण पाहिले, असे शपथेवर सांगणारे प्रेक्षक मला अनेकदा भेटले आहेत. ते मूल चित्रपटात दाखवलेलेच नाही. तेव्हा कोणतीही थिअरी तपासताना तिच्यातला तपशील आधी पडद्यावर आहे का, हे स्वतः पाहावे.

आणि पाहताना कोणती प्रत हाती आहे, तेही बघावे. ‘द शायनिंग’च्या शेवटी इस्पितळातला एक प्रसंग होता, ज्यात अल्मन डॅनीला चेंडू देतो, प्रदर्शनानंतर लगेचच क्यूब्रिक यांनी तो कापला, म्हणून त्यावर अल्मन हॉटेलच्या कटात सामील असल्याची थिअरी उभारणे बरोबर नाही. अमेरिकेत चालणारी प्रत सुमारे १४४ मिनिटांची आहे, तर युरोपसाठी त्यांनीच छाटलेली सुमारे ११९ मिनिटांची. छोट्या प्रतीत डॅनीला तपासायला आलेल्या डॉक्टरबाईंचा प्रसंगच नाही, म्हणजे टोनी, डॅनीचा काल्पनिक मित्र, पहिल्यांदा केव्हा बोलू लागला आणि जॅकने डॅनीच्या खांद्याला केव्हा इजा केली, याबद्दल वेंडी जे अवघडून सांगते, ते तिथे ऐकूच येत नाही. टोनीवरून तावातावाने भांडणाऱ्या दोघांनी वेगवेगळ्या लांबीचे दोन चित्रपट पाहिलेले असतात, हे मी एकदा नव्हे, अनेकदा अनुभवले आहे. म्हणून हल्ली कोणी टोनीचा विषय काढला की मी आधी एवढेच विचारतो, डॉक्टरबाई आठवतात का?